छत्रीच्या एकतीस भिंती

१४ ऑक्टोबर, मंगळवार

नऊ नंबरचा वॉर्ड बायकांसाठी राखीव निघाला. सकाळी अकरा वाजून वीस मिनिटांनी. पंचायतीच्या सभागृहात स्टीलच्या डब्यातून चिठ्ठी काढली. अधिकाऱ्यानं ती आधी उलटी धरली, मग सुलटी करून वाचली. मी दुसऱ्या रांगेत होतो, इस्त्रीचं मुंडू नेसून, नवा शर्ट घालून. कोणीही वळून माझ्याकडे पाहिलं नाही. म्हणजे ती चिठ्ठी कुणाच्या डोक्यावर पडली हे प्रत्येकाला बरोबर ठाऊक होतं.

सव्वीस वर्षं मी या पक्षाच्या भिंती रंगवतो आहे. ताळत्तुकरी गावात पक्षाचं एक अक्षर असं नाही जे माझ्या हातचं नाही. शाळा सातवीपर्यंत. पुढचं सगळं वाचनालयात, कपाट क्रमांक एक ते चौदा, क्रमानं. अक्षरं शिकलो ती वर्तमानपत्राच्या मथळ्यांवर चौकटी आखून. लोक मला आशान म्हणतात, म्हणजे गुरुजी, ते काही दाढीकडे बघून नाही. चार निवडणुका मी "पुढच्या वेळी, आशान" ऐकलं. या खेपेला पक्षाचा स्थानिक सेक्रेटरी सोमराजन यानं चहाच्या टपरीवर, तिघांदेखत, शब्द दिला होता की नववा वॉर्ड तुमचा. त्या तिघांची नावं मी लिहून ठेवली आहेत.

अंबुजाक्षी साडेचारला कामावरून आली. रोजगार हमीच्या कामावर ती बायकांची मुकादम आहे, सगळे तिला चेची म्हणतात, म्हणजे ताई. कालव्यातली जलपर्णी काढायची, बांधावरचं गवत छाटायचं, हजेरी घ्यायची, असलं काम. मी तिला सगळं सांगितलं. ती म्हणाली, "म्हणजे आता बाईच उभी राहणार?" आणि मासे साफ करायला बसली. नवऱ्याची सव्वीस वर्षं पाण्यात गेली आणि हिनं करीमीनचे खवले काढले. तिला राजकारणातलं काही कळत नाही.

१७ ऑक्टोबर, शुक्रवार

पक्षाच्या कचेरीत बैठक. मी शांतपणे मांडलं. वॉर्ड बाईचा झाला तर माझ्या घरात बाई आहे. अंबुजाक्षीचं नाव लावा, काम मी बघेन. सोमराजन हसला. वाईट हसला असंही नाही, नेहमीसारखा हसला, तेच वाईट. "आशान, चेची गवत काढते हो. आपल्याला लोकांसमोर बोलणारी हवी." मग नाव जाहीर केलं: श्रीकला टीचर. सोमराजनच्या सख्ख्या भावाची बायको.

मी म्हटलं, मग भिंती रंगवायला दुसरा शोध. यावर तो चहाचा ग्लास खाली ठेवून म्हणाला, "भिंती आता वाचतं कोण, आशान? टीचरचे फ्लेक्स उद्या येतायत."

फ्लेक्स. प्लास्टिकच्या फडक्यावर माणसाचा चेहरा चार फूट करायचा आणि खाली अक्षरं ताणून बसवायची, कान ओढून लांब केल्यासारखी. मी उठलो. दारातून मागे वळून पाहिलं नाही. चप्पल मात्र दुसऱ्याची घालून आलो, ती परत द्यायला जाणार नाही.

२८ ऑक्टोबर, मंगळवार

सिनेमावाले आले आहेत, कोचीहून. दिग्दर्शकाचं नाव टिजो, वय असेल तिशीचं, पायात बर्म्युडा. राजकारणावरचा सिनेमा आहे म्हणतो, मारामारीचा. दासप्पन नावाचा एक हमाल असतो. तो गुंडांना बडवत बडवत आधी पंचायतीत जातो, मग विधानसभेत, शेवटी मंत्री. मी विचारलं, तो कोणत्या वॉर्डातून उभा राहतो, त्याचं नाव सुचवतं कोण, अनुमोदन कुणाचं? टिजो म्हणाला, आशान, ते प्रेक्षक विचारत नाहीत. मी म्हटलं, मी विचारतो.

त्यांना खरं गाव हवं आणि खऱ्या भिंती, दासप्पनच्या प्रचारानं भरलेल्या. सोमराजनला वाचनालयाच्या पायरीवरून दिसेल असं हे काम होतं, म्हणून मी घेतलं. निशाणी म्हणून टिजोला वाघ पाहिजे होता. निवडणूक आयोगाच्या यादीत वाघ नाही. अपक्षांना मिळणाऱ्या निशाण्यांची छापील यादी मी पुढ्यात ठेवली आणि मीच छत्री निवडली. छत्री काढायला हात लागतो. आठ काड्यांची छत्री बाजूनं पाहिली की पाच काड्या दिसतात, दोन कडांच्या धरून. लोक सहा काढतात, सात काढतात. एकालाही मोजावंसं वाटत नाही.

वॉर्डात रस्त्यालगतच्या भिंती एकशे सात. चाळीस आमच्या, म्हणजे त्यांच्या, पक्षाच्या. चार वर्षांपूर्वी मीच त्यांच्यावर पुढच्या निवडणुकीचं साल टाकून 'बुक' लिहून ठेवलं होतं. छत्तीस समोरच्या आघाडीच्या, त्यावर त्यांचं 'बुक'. या गावात माणसं एकमेकांची डोकी फोडतील, पण दुसऱ्यानं बुक केलेल्या भिंतीला ब्रश लावणार नाहीत. राहिल्या एकतीस. त्या सगळ्या मी टिजोला मिळवून दिल्या, एकेका मालकाची लेखी परवानगी घेऊन. सिनेमा म्हटल्यावर कुणीही नाही म्हटलं नाही. शूटिंग संपलं की सगळं पुसून भिंती पुन्हा पांढऱ्या करून द्यायच्या, हेही करारात माझ्याच अक्षरात आहे.

४ नोव्हेंबर, मंगळवार

दोन भिंतींचा सत्यानाश. नायकानं गुंडाला उचलून सोळा नंबरच्या भिंतीवर आपटला. गुंडाच्या पाठीला लाल रंगाची पिशवी होती, ती फुटली ती नेमकी छत्रीच्या दांड्यावर. मी टिजोला म्हटलं, सव्वीस वर्षांत या गावात एका उमेदवारानं दुसऱ्याला बोटही लावलेलं मी पाहिलं नाही. जे होतं ते कचेरीत, चहावर, हसत होतं. तो म्हणाला, हसण्याला तिकीट कोण काढणार?

गर्दीसाठी रोजगार हमीच्या बायका आणल्या होत्या. अंबुजाक्षी पुढे. त्यांनी 'दासप्पन जिंदाबाद' ओरडायचं, एवढंच. पण दुपारी सिनेमावाल्यांना बिर्याणी आणि बायकांना पुडीतला भात आला, तर ह्या बाईनं सगळ्यांना घेऊन चिंचेखाली बैठक मारली. आरडाओरडा नाही, घोषणा नाही. नुसत्या बसल्या. ऊन कलायला लागलं, कॅमेरेवाला डोकं धरून बसला. टिजो स्वतः आला. ती त्याला म्हणाली, "मोने, लेकरा, आम्ही जिंदाबाद म्हणू की. पण भात खाल्लेल्या बायकांचा आवाज निघत नाही." पाऊण तासात चव्वेचाळीस बिर्याण्या आल्या.

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्या माणसांबरोबर माझी उठबस आहे.

८ नोव्हेंबर, शनिवार

निश्चय केला. सोमराजनला धडा शिकवायचा तर त्याच्या वहिनीसमोर अंबुजाक्षीला अपक्ष उभी करायची. मी हरलो तरी चालेल, म्हणजे ती हरली तरी चालेल, पण टीचरची साठ-सत्तर मतं फोडायची. सकाळी पुट्टू खाताना मी तिला हे समजावून सांगितलं, आकड्यांसकट.

ती म्हणाली, फॉर्म तिनं सोमवारीच आणला आहे.

सोमवारी. म्हणजे पाच दिवस तो फॉर्म या घरात, तांदळाच्या डब्याखाली, आणि मला पत्ता नाही. मी आवाज चढवला. कुणाला विचारून? ती म्हणाली, तुमच्या भांडणासाठी मी उभी राहणार नाही, पुलासाठी राहणार.

पुलाचं मला माहीत नाही असं नाही. कालव्यापलीकडच्या बेटावर त्रेचाळीस घरं. पुरात पूल गेला त्याला सात वर्षं झाली, तेव्हापासून माडाचे दोन ओंडके. जूनमध्ये पोन्नम्माच्या नवऱ्याच्या छातीत कळ आली. रुग्णवाहिका या काठावर येऊन उभी आणि माणूस त्या काठावर. खुर्चीत बसवून चौघांनी ओंडक्यांवरून आणला. चौघांत ही एक होती. गाडीत घालण्याआधीच तो गेला. त्या आठवड्यात मी पक्षाच्या कचेरीवर नवं नाव रंगवत होतो, ऑइलपेंटमध्ये, अक्षरांना सावली देऊन.

तर उभी राहा म्हटलं, पुलासाठी राहा, कशासाठीही राहा. पण प्रचाराची आखणी माझी. ती हो म्हणाली. फार पटकन म्हणाली.

१३ नोव्हेंबर, गुरुवार



आखणी करायला बसलो. वहीत भिंतींची यादी घेतली. चाळीस पक्षाच्या, हात लावता येत नाही. छत्तीस समोरच्यांच्या, हात लावता येत नाही. उरलेल्या एकतीस. त्या एकतीसही भरलेल्या आहेत. कुणी भरल्या? मी. कुणासाठी? जो जन्मालाच आलेला नाही अशा हमालासाठी. अख्ख्या वॉर्डात माझ्या बायकोचं नाव लिहायला एक हात जागा नाही, आणि ती जागा माझ्याच ब्रशनं खाल्ली आहे.

मला हे सुचलं कसं नाही? सुचलं नाही, कारण भिंत लागते ती पक्षाला, आणि पक्षाच्या भिंती तर बुक होत्याच. बाकीच्या भिंती कुणाला लागतील हा प्रश्न सव्वीस वर्षांत मला पडलेलाच नव्हता.

सगळ्या पुसून पुन्हा रंगवायच्या तर प्रत्येक भिंतीला चुन्याचे दोन हात, वाळायला दोन दिवस, तेही ऊन असलं तर. सध्या रोज दुपारी तीनला पाऊस. निशाणी मिळणार चोवीसला, मतदान नऊला. एका माणसाच्या हातानं होत नाही, आणि दुसऱ्याचा हात मी माझ्या भिंतीला लावू देत नाही. मी टिजोला शिव्या घातल्या, सोमराजनला घातल्या, पावसाला घातल्या. अंबुजाक्षी कप्पाचे उकडलेले कंद आणि माशाचं कालवण खात होती. मधेच तिनं विचारलं, "छत्री त्या यादीत आहे ना?"

असणारच. मी निवडलेली आहे. यादीत नसलेली गोष्ट मी भिंतीवर काढीन का? तिला या असल्या वेळी छत्री सुचते.

१५ नोव्हेंबर, शनिवार

सिनेमावाले गेले. दासप्पन मंत्री झाला म्हणे, शेवटचा प्रसंग कोचीत घेणार. जाताना टिजोनं मला मिठी मारली आणि अंबुजाक्षीचा फोन नंबर घेतला. माझा त्याच्याकडे होताच म्हणा.

२१ नोव्हेंबर, शुक्रवार

अर्ज भरला. सूचक म्हणून पोन्नम्मा. निशाणीसाठी तीन पसंती लिहायच्या असतात. मी रात्री कागदावर लिहून दिल्या होत्या: फुटबॉल, शिट्टी, कपबशी. तिन्ही दुरून ओळखू येतात, तिन्ही एका माणसाला झटपट काढता येतात. खोलीत उमेदवार आणि सूचक एवढ्यांनाच घेतलं. मी बाहेर बाकड्यावर. समोरच्या बाकड्यावर सोमराजन, तोही बाहेरच. आम्ही पाऊण तास एकमेकांच्या चपला बघत बसलो. माझ्या पायात त्याची होती हे त्याला आजच कळलं असावं.

२४ नोव्हेंबर, सोमवार

छत्री.

तिला छत्री मिळाली. मिळाली कसली, तिनं मागितली. पहिली पसंती छत्री. माझा कागद तिच्या पर्समध्ये तसाच घडी घातलेला होता.

मी विचारलं, हे काय? ती म्हणाली, "चेट्टा, महिनाभर सगळा वॉर्ड छत्री बघतोय. शाळेत जाणाऱ्या पोरींनाही ती पाठ आहे. भिंती पुसू नका. नाव तेवढं पुसा आणि माझं घाला."

 मी म्हटलं, ती सिनेमाची छत्री आहे. मी ती एका खोट्या माणसासाठी काढली. करारात लिहिलंय की पुसून द्यायच्या. तिनं टिजोला फोन केला होता, अर्ज भरायच्या आदल्या दिवशी. त्यानं सांगितलं की चेची, आमचं काम झालं, भिंतीचं तुम्ही बघा. मी म्हटलं, जागा पुरणार नाही. दासप्पनच्या मापानं पट्टी आखली आहे, अंबुजाक्षी तिच्यात बसत नाही, आठ इंच कमी पडतात.

"मग थोडं बारीक लिहा," ती म्हणाली.

बारीक लिहा. मला. सव्वीस वर्षांत मला असं कोणी म्हटलं नव्हतं. मी जेवलो नाही. ती जेवली.

नंतर मागच्या अंगणात जाऊन सुतळी ताणून पाहिली. पट्टी दोन्ही बाजूंनी चार-चार इंच वाढवली तर छत्रीच्या दांड्याला लागत नाही. बारीक लिहायची गरज नव्हती. हे मी तिला सांगितलं नाही.

२७ नोव्हेंबर, गुरुवार

तेरा भिंती झाल्या. चौदावीवर असताना जीप आली. सोमराजननं तक्रार केली होती: सिनेमाच्या जाहिरातीवर उमेदवाराचा प्रचार चालू आहे, मतदारांची दिशाभूल. अधिकारी चांगला होता, पण त्यानं नेमकं विचारलं. मालकांच्या परवानग्या दाखवा. मी पिशवीतून एकतीस कागद काढले. प्रत्येकावर लिहिलेलं: चित्रपटासाठी. शूटिंग संपेपर्यंत.

मी अक्षर न् अक्षर तपासणारा माणूस. वाचनालयाच्या नोंदवहीतली चूक मी नऊ वर्षांनी दुरुस्त करून घेतली आहे. आणि हे माझ्या लक्षात आलं नव्हतं.

सोमराजन जीपला टेकून उभा होता. म्हणाला, "आशान, सिनेमातला उमेदवार सिनेमातच शोभतो. आता चुन्याचं पिंप काढा बघू."

तेवढ्यात अंबुजाक्षी बांधावरून आली, चिखलानं गुडघ्यापर्यंत भरलेली, हातात हजेरीची पिशवी. तिनं त्यातून दुसरे एकतीस कागद काढले. तिच्या नावाच्या परवानग्या, निवडणुकीसाठी, मतदानाच्या दिवसापर्यंत. कधी घेतल्या? हजेरी घेताना. त्या एकतीस घरांतल्या बावीस घरांतली बाई तिच्या कामावर आहे. अधिकाऱ्यानं सगळे कागद बघितले, दोन सह्या पुन्हा बघितल्या आणि गेला.

सोमराजनला ती म्हणाली, "मोने, टीचरच्या फ्लेक्सला काल वाऱ्यानं भोक पडलंय, तोंडावरच. शिवून घे." त्याच्या जिवाला लागलं असणार. मला बरं वाटायला हवं होतं. मला एवढंच वाटत राहिलं की माझे कागद तिथं, रस्त्यावर, सगळ्यांसमोर खोटे ठरले, आणि तिचे खरे.

५ डिसेंबर, शुक्रवार

बेटावर सभा. मी अकरा पानांचं भाषण लिहून दिलं होतं, पंचायत राज कायद्यापासून सुरुवात करून. तिनं पान उघडलंसुद्धा नाही. ओंडक्याच्या टोकाशी उभी राहिली आणि म्हणाली, ज्यांनी या ओंडक्यावरून कुणाला तरी उचलून नेलंय त्यांनी हात वर करा. मी मोजू लागलो, पण इतके हात होते की मोजणं जमेना. मग ती म्हणाली, मी पण. आणि खाली बसली.

परत येताना मी विचारलं, कायद्याचं का नाही सांगितलंस? ती म्हणाली, त्यांना कायदा माहीत आहे, त्यांना पूल माहीत नाही. हे उत्तर आहे का?

पाय घसरला तेव्हा तिनं माझा दंड धरला. त्यावरूनही मी चिडलो.

९ डिसेंबर, मंगळवार

मतदान. मी बूथवर तिचा प्रतिनिधी होतो, सात ते सहा. टीचरचा प्रतिनिधी सोमराजन. त्यानं एकदा केळी पुढे केली, मी घेतली नाही. दुपारी घेतली. टक्केवारी ८३.

१३ डिसेंबर, शनिवार

एकोणीस मतांनी.

अंबुजाक्षी निवडून आली. टीचर दुसरी. मोजणीच्या टेबलावर मी तीनदा बेरीज पडताळली, अधिकारी वैतागला. बाहेर बायकांनी तिला उचललं, ती ओरडत होती की खाली ठेवा, कंबर धरेल. मला कुणी उचललं नाही. ठीक आहे, उचलायचं कारणही नव्हतं.

पण खरी गोष्ट ही नाही. पंधरा वॉर्ड. पक्ष सात, समोरचे सात, आणि एक अपक्ष. ही बाई जिकडे मत टाकेल त्यांचा अध्यक्ष. म्हणजे सोमराजनला आता या घराच्या पायऱ्या चढाव्या लागणार. सव्वीस वर्षांनी. मी माझ्या मागण्या एका कागदावर लिहून शर्टाच्या खिशात ठेवल्या आहेत. पहिली: त्याच टपरीवर, त्याच तिघांदेखत माफी. दुसरी: गावातल्या पक्षाच्या भिंतींवर फ्लेक्स बंद. तिसरी: पुढच्या वेळी नववा वॉर्ड खुला झाला तर उमेदवार कोण, हे आत्ताच लेखी.

१५ डिसेंबर, सोमवार

आज जसं झालं तसं लिहितो. अजून मी शांत झालेलो नाही.

सोमराजन दुपारी तीनला आला, बरोबर तालुक्याचे एक म्हातारे नेते. मी एक वाजल्यापासून शर्ट घालून बसलो होतो. त्यांना बसवलं, समोर बसलो आणि म्हटलं, "बोल." सोमराजननं माझ्या खांद्यावरून आत पाहिलं. "आशान, चेची आहे ना घरात?"

ती मागच्या दारी मासे धूत होती, मी उठून हाक मारली. हात पुसत आली आणि माझ्या खुर्चीत बसली, कारण दुसरी रिकामी नव्हती. मग म्हणाली, पाहुण्यांना चहा तरी. घरात तिसरं कोणी नाही. चहा मी केला. कोरा चहा, लिंबू पिळून, चार ग्लास. स्वयंपाकघरातून सगळं ऐकू येतं, पण पाणी उकळताना नेमकं ऐकू येत नाही. मी ग्लास घेऊन आलो तोवर मुद्द्याचं ठरून गेलं होतं. ती पक्षाच्या बाजूनं मत देणार. ज्यांनी मला बाहेर बसवलं, त्यांच्याच बाजूनं.

मी ग्लास ठेवले. ते आपटल्यासारखे ठेवले गेले.

"बसा, चेट्टा," ती म्हणाली. "तुमचं अक्षर चांगलं आहे. लिहून घ्या."

मी पांढरा कागद घेतला, दोन्ही बाजूंना समास दुमडले. पहिलं कलम: अध्यक्षाच्या निवडीत पाठिंबा. दुसरं: बेटाला काँक्रीटचा पूल, रुग्णवाहिका जाईल एवढा रुंद. मी विचारलं, रुंद म्हणजे किती? ती म्हणाली, दहा फूट. रुग्णवाहिका साडेसहा फुटांची असते, दहा बरोबर आहे. तेवढं मी मान्य केलं. तिसरं: सहा महिन्यांत काम सुरू झालं नाही तर पाठिंबा काढून घेणार. मी चौथ्याचा आकडा टाकला आणि पेन धरून थांबलो.

"झालं," ती म्हणाली.

मी म्हटलं, एक राहिलं. खिशाला हात लावला. तिला माहीत होतं खिशात काय आहे, शर्ट तीच धुते. म्हणाली, "ते तुमचं तुम्ही टपरीवर बघून घ्या. हे पुलाचं आहे."

सोमराजन ग्लासात हसला. माझे कान तापले, मानेपर्यंत तापले. मी चौथ्याचा आकडा तसाच ठेवला, पुढे काही न लिहिता. ती म्हणाली, वाचून दाखवा. मी वाचलं. तिसऱ्या कलमावर तिनं थांबवलं.

"सहा नको. तीन करा."

म्हातारे नेते खोकले. सोमराजन समजावू लागला की चेची, आराखडा असतो, मंजुरी असते, निविदा असते, तीन महिन्यांत देवालासुद्धा पूल बांधता येणार नाही.

ती म्हणाली, "पोन्नम्माच्या नवऱ्याला त्या ओंडक्यावरून आणायला अकरा मिनिटं लागली. खुर्चीचा मागचा पाय माझ्या हातात होता. तो काय म्हणत होता ते मी ऐकलंय. तीन."

मग सोमराजननं माझ्याकडे पाहिलं. ही नजर मी सव्वीस वर्षं ओळखतो. कचेरीत दोन माणसं बाकीच्यांच्या डोक्यावरून एकमेकांकडे बघतात, ती. सांगा की तिला, आशान. मी एवढंच म्हणायचं होतं की सहा ठीक आहे. तेवढ्यावर तो टपरीवर आला असता, माफीही मागितली असती, आणि नववा वॉर्डही लिहून दिला असता. त्याला ठाऊक होतं. मलाही ठाऊक होतं. ती माझ्याकडे बघतही नव्हती, ग्लासातलं लिंबाचं बी बोटानं काढत होती.

कागद सुंदर झाला होता. सतरा ओळी, प्रत्येक ओळ सरळ, एक डाग नाही. नवा कागद घेतला तर सगळं पहिल्यापासून लिहावं लागलं असतं आणि तेवढ्या वेळात सोमराजननं आणखी काही काढलं असतं. मी 'सहा'वर आडवी रेघ मारली आणि वर 'तीन' लिहिलं. पक्क्या कागदावर. फार वाईट दिसलं.

मग पेन सोमराजनपुढे सरकवलं. त्यानं खाली सही केली आणि उठायला लागला. मी त्याला पुन्हा बसवलं. खाडाखोड झाली की तिच्या शेजारीही सही लागते, नाहीतर उद्या कुणीही म्हणेल की हे मागाहून केलं. एवढं त्याला माहीत नव्हतं.

"इथं," मी बोट ठेवलं. "तीनच्या बाजूला."